खारवणची दिनदर्शिका : प्रकल्प नोंदी

१८ जुलै २०२३ (अधिक श्रावण शु. १)

खारवण या माझ्या गोष्टींतल्या कल्पित जगाच्या कालगणनेचं काम आजपासून सुरू. आतापर्यंतच्या गोष्टींत ‘दोन महिन्यांनी’, ‘पुढच्या पुनवेला’ असं मोघम लिहून भागत होतं. नव्या गोष्टीत मात्र कर्जाची मुदत, गलबत सुटण्याचा दिवस आणि खाडीचा पूर हे सगळं एकमेकांवर येऊन आदळायचं आहे. त्यासाठी आकाशाचे आकडे आधी पक्के हवेत. महिन्यांची नावं शेवटी ठरवीन.

कल्पित जगांतल्या बऱ्याच दिनदर्शिकांत तीस दिवसांचे बारा महिने असतात आणि सगळं नीट भागून संपतं. मला ते नको. आपलं वर्ष ३६५.२४२२ दिवसांचं, अमावास्येपासून अमावास्येपर्यंतचा महिना सरासरी २९.५३०६ दिवसांचा. बारा महिन्यांचे होतात ३५४.३७ दिवस, म्हणजे वर्षाला जवळजवळ अकरा दिवस उरतात. या अकरा दिवसांनी किती काही घडवलं आहे! आपण ते साठवून अधिक महिना काढतो, त्यातून धोंड्याचा महिना आला, जावयाचं वाण आलं, तेहतीस अनारसे आले. इस्लामी कालगणनेत ते साठवत नाहीत, म्हणून रमजान साधारण तेहतीस वर्षांत सगळ्या ऋतूंतून फिरून येतो. लोकांचा स्वभाव कालगणनेत दिसतो तो या उरलेल्या दिवसांच्या वाटपात. तेव्हा खारवणच्या आकाशातही काहीतरी उरलंच पाहिजे.

ठरवलेले आकडे: वर्ष ३४०.३ दिवस. चंद्र दोन. थोरला २६.४ दिवसांत अमावास्येवरून अमावास्येवर येतो, धाकला ९.१०३ दिवसांत. दिवस आपल्यासारखाच साठ घटकांचा, घटका चोवीस मिनिटांची.

२३ जुलै २०२३

भागाकार करून पाहिला. ३४०.३ भागिले २६.४ म्हणजे १२.८९. वर्षात तेरा महिने बसतात, पण पूर्ण बसत नाहीत. आपल्याकडे बारा महिने बसून थोडं उरतं. इथे तेराव्याला थोडं कमी पडतं. म्हणजे या लोकांना महिना वाढवायची गरजच पडणार नाही, अधूनमधून एक महिना काढून टाकावा लागेल.

आपल्याला क्षयमास माहीत आहे, पण तो फार दुर्मीळ. १९८२-८३ मध्ये आला होता आणि तशा वर्षी त्याच्या मागेपुढे दोन अधिक महिने येतात, त्यामुळे एकूण हिशोबात काही कमी होत नाही. खारवणला मात्र ही नित्याची गोष्ट. दर नऊ वर्षांनी एक महिना जातो. नऊ वर्षांचे ३०६२.७ दिवस, ११६ महिन्यांचे ३०६२.४. नऊ तेरा ११७, त्यातला एक गेला की ११६. हे जुळल्यावर मला मनापासून आनंद झाला. आपल्याकडे १९ वर्षांत २३५ चांद्रमास बसतात, त्याच जातीचं हे चक्र.

त्या महिन्याचं नाव लगेच सुचलं: बुडीत महिना.

तो कुठला, तेही ठरलं. नववर्ष पावसाच्या तोंडावर येतं, म्हणून वर्षातला शेवटचा, सगळ्यात कडक उन्हाचा तेरावा महिना बुडतो. आठ वर्षं नववर्ष दरसाल सुमारे तीन दिवस उशिरा येत जातं (तेरा महिन्यांचे ३४३.२ दिवस होतात ना) आणि नवव्या वर्षी एकदम साडेतेवीस दिवस मागे येतं. आपल्या दिवाळीचं उलटं: ती एक-दोन वर्षं अकरा-अकरा दिवस अलीकडे सरकते आणि मग अधिक महिन्यामुळे एकोणीस दिवस पलीकडे जाते.

महिन्याचे दिवस: २६, २७, २६, २७, २६. पाच महिन्यांचे बरोबर १३२.

३० जुलै २०२३

महिना बुडतो म्हणजे नेमकं कुणाचं काय बुडतं, यावर सगळी सकाळ गेली. या प्रकल्पाचा गाभा इथेच आहे.

सालगडी घ्या. आपल्याकडे सालगड्याचं साल पाडव्यापासून पाडव्यापर्यंत धरतात. अधिक महिना आला की तेच साल सुमारे ३८४ दिवसांचं होतं. खारवणात बुडीत साल ३१७ दिवसांत संपतं. धान्य तेवढंच ठरलेलं, राबणं सव्वीस दिवस कमी, आणि तेही वर्षातल्या सगळ्यात वाईट उन्हातलं. म्हणजे गड्याच्या दृष्टीने बुडीत महिना ही नऊ वर्षांतून एकदा मिळणारी सुटका. त्या वर्षी लग्नं ठरतील, गडी आपल्या गावी जाऊन येतील.

मिठागराच्या मालकाचं दुखणं वेगळं. मीठ पिकतं उन्हात, पाऊस आला की हंगाम संपला. त्याचे आगरी कामाला बांधलेले वर्षअखेरीपर्यंत. बुडीत साली करार संपतो तेव्हा पाऊस अजून लांब असतो, कोंडीत पाणी आटून मीठ धरायला लागलेलं असतं, आणि माणसं मोकळी होऊन निघून जातात. नव्या कराराला आगरी मागतील ती मजुरी द्यावी लागेल. सावकाराचं व्याज महिन्यावर, म्हणून त्याचंही एका महिन्याचं गेलं. उलट सारा गोळा करणाऱ्या कोठीला महिना बुडलेला हवाच, कारण पुढचा सारा लवकर मिळतो.

एवढ्या लोकांचे हितसंबंध एका महिन्यात अडकले तर तो कधी बुडवायचा हे सांगणाऱ्याच्या हाती मोठी सत्ता येणार. रोममध्ये तेच झालं. तिथे वाढीव महिना घालायचा अधिकार पुरोहितमंडळाकडे होता आणि आपल्या बाजूचा माणूस पदावर असला की वर्ष लांबवायचं, विरोधक असला की नाही, असे प्रकार चालत. ऋतू इतके हुकले की सगळं मार्गावर आणायला इ.स.पू. ४६ हे वर्ष ४४५ दिवसांचं करावं लागलं. आपल्याकडे सत्तेचा प्रश्न नसला तरी मतभेद आहेच. टिळक पंचांग आणि इतर पंचांगांचे अयनांश (राशिचक्र कुठून मोजायचं ते ठरवणारा आकडा) वेगळे, त्यामुळे एखाद्या वर्षी अधिक महिना वेगवेगळा पडतो आणि रत्नागिरीकडे टिळक पंचांग पाळणाऱ्या घरचा गणपती शेजारच्या घरापेक्षा महिनाभर वेगळ्या वेळी बसतो. दोन्ही घरं श्रद्धेने वागतात, दोन्हींचं गणित आपापल्या जागी पूर्ण आहे. असा पेच मला खारवणात हवा.

निर्णय कोण देणार, ते अजून मोकळं ठेवतो.

६ ऑगस्ट २०२३

भरती-ओहोटीचा दिवस.

मालवणला आतेभावाला फोन केला. तो होडीवर जातो. मी विचारलं, “दादा, उद्या भरती किती वाजता रे?” तो म्हणाला, “आधी तिथ खंयची ती सांग, वेळ मी सांगतंय.” तिथीची पाऊणपट हा आपल्या किनाऱ्यावरचा जुना हिशोब. चतुर्थीला तीन, अष्टमीला सहा. पाऊणकी पाठ असलेल्या माणसाला घड्याळ किंवा तक्ता लागत नाही. मुळात एका तिथीला भरती दोन घटका, म्हणजे अठ्ठेचाळीस मिनिटं पुढे जाते. पाऊण तास हा त्याचाच तोंडी हिशोबासाठी केलेला सोपा आकडा. पुनव-अमावास्येला उधाण, अष्टमीच्या आसपास भांग, हेही त्याने पुन्हा बजावलं. भांगाला पाणी फार चढत नाही आणि फार उतरतही नाही.

खारवणला तिथ्या किती? तीस ठेवायचं काही कारण नाही. चोवीस ठेवल्या. साठ घटकांना चोवीसने भागलं की अडीच. म्हणजे एका तिथीला भरती अडीच घटका सरकते आणि खारवणची पोरं पाऊणकीऐवजी अडीचकी पाठ करतात: एक अडीच अडीच, दोन अडीच पाच, तीन अडीच साडेसात. बाराव्या तिथीला तीस घटका होतात, म्हणजे बरोबर अर्धा दिवस, आणि भरती पुन्हा पहिल्या जागी येते. कोळ्याच्या तोंडी बसेल असं हे गणित आहे. कालगणनेतली एखादी गोष्ट आईने मुलाला म्हणून दाखवावी इतकी सोपी झाली की ती माझ्या दृष्टीने जगली.

याचा एक परिणाम असा की तिथी १.१ दिवसाची झाली. आपली तिथी दिवसापेक्षा किंचित लहान, म्हणून आपल्याकडे वृद्धीपेक्षा क्षय जास्त होतात. खारवणला एकाही तिथीचा क्षय नाही. दर महिन्यात दोन किंवा तीन तिथ्या दोनदा येतात. त्या दुसऱ्या दिवसाला ‘जोडदिवस’ म्हणायचं. जोडदिवशी होडी पाण्यात जात नाही, जाळी दुरुस्त होतात, घरात राहिलेली कामं होतात. उपासतापास आदल्याच दिवशी.

१३ ऑगस्ट २०२३

आठवडा. आपला सात वारांचा आठवडा आकाशातल्या कुठल्याही फेरीशी बांधलेला नाही. खारवणात वार नाहीत, बाजार आहे. धाकल्याच्या प्रत्येक पुनवेला बाजार, कारण डोंगराकडची माणसं संध्याकाळी त्याच्या उजेडात परत चालत जातात. नऊ दिवसांनी बाजार आणि दर दहावा बाजार दहा दिवसांनी. दहा बाजारांचे ९१ दिवस होतात आणि धाकल्याच्या दहा फेऱ्यांचे ९१.०३. रोमचा बाजारही दर आठ दिवसांनी भरत असे, तेव्हा हे कल्पनेपुरतंच आहे असंही नाही.

वारांची नावं नसल्यामुळे संवाद बदलतात. ‘मंगळवारी ये’ म्हणता येत नाही. ‘बाजारानंतरच्या तिसऱ्या दिवशी’ म्हणावं लागतं. जुन्या गोष्टींत जिथे वार आले आहेत तिथे खुणा करून ठेवल्या.

३० ऑगस्ट २०२३ (नारळी पौर्णिमा)

आजचा पूर्णचंद्र या वर्षात पृथ्वीच्या सगळ्यात जवळ आलेला. उधाण मोठं असणार. धाकल्याचं काम करायला याहून चांगला मुहूर्त नाही.

आधी अंतर. केप्लरच्या तिसऱ्या नियमाने पाहिलं तर धाकला थोरल्यापेक्षा साधारण निम्म्या अंतरावर येतो. भरतीचं बळ अंतराच्या घनाप्रमाणे घटतं, म्हणून निम्म्या अंतरावरच्या चंद्राला तेवढीच भरती आणायला आठवा हिस्सा वस्तुमान पुरतं. धाकल्याचं वस्तुमान थोरल्याच्या चोविसाव्या भागाएवढं धरलं. त्याची भरती थोरल्याच्या जेमतेम एक तृतीयांश होते. आपल्याकडे सूर्याची भरती चंद्राच्या सुमारे ४६ टक्के असते. खारवणलाही सूर्याचा वाटा तेवढाच ठेवतो. म्हणजे ओढणारे तिघं, आणि तिघं एका रेषेत आले की खरं संकट.

आता ते एका रेषेत कधी येतात? अमावास्या आणि पुनव दोन्ही चालतात, म्हणून निम्म्या फेऱ्या मोजायच्या. थोरल्याच्या पाच पूर्ण फेऱ्या म्हणजे १३२ दिवस, तेवढ्यात धाकल्याच्या साडेचौदा: १३१.९९. आज एका अमावास्येला दोघंही काळे असतील तर १३२ दिवसांनी थोरला काळा आणि धाकला भरलेला. पाणी दोन्ही वेळी तितकंच चढणार. म्हणून १३२ दिवसांनी महाउधाण, आणि त्या पाच महिन्यांच्या मुदतीला लोक ‘फेर’ म्हणतात. महिन्याच्या २६-२७ दिवसांचा क्रमही याच १३२ वर पूर्ण होतो. धाकल्याचा आकडा ९.१०३ असा तीन अंकांपर्यंत धरला तो यासाठीच. नुसता ९.१ धरला असता तर फेर काही वर्षांतच विस्कटला असता.

फेर आणि वर्ष मात्र जुळत नाहीत. महाउधाण ऋतूंमधून भटकतं. सात वर्षांत अठरा फेर होतात आणि सुमारे सहा दिवसांच्या फरकाने ते पुन्हा त्याच हंगामात येतं. हे महाउधाण भर पावसात पडलं की वरून नदीचा पूर आणि खालून समुद्र. २६ जुलै २००५ला सांताक्रूझला चोवीस तासांत ९४४ मिलिमीटर पाऊस झाला आणि त्याच दुपारी समुद्राला मोठी भरती होती. मिठी नदीच्या पाण्याला बाहेर पडायला वाट उरली नाही. खारवणच्या लोकांना अशी तारीख आधी काढता येते. पाऊस किती पडेल ते त्यांच्या हातात नाही, पण समुद्र कधी दार लावून घेणार आहे हे त्यांना कळतं. त्या दिवशी खाडीकाठची वस्ती गुरांसकट डोंगरावर जाते.

१० सप्टेंबर २०२३

फेर आणि वर्ष एकत्र कधी येतात? ११६ फेर म्हणजे १५,३१२ दिवस. ४५ वर्षं म्हणजे १५,३१३.५. दीड दिवसाचा फरक. धाकला एवढ्या काळात पाऊण दिवसाने हुकतो, म्हणजे चालण्यासारखं आहे.

पंचेचाळीस वर्षांनी ऋतू, थोरला, धाकला आणि उधाण सगळे पुन्हा होते तिथे. माणसाच्या आयुष्यात हे एकदाच पूर्ण पाहायला मिळतं, नशीब असेल तर दोनदा. माया लोकांचं २६० आणि ३६५ दिवसांचं मिळून ५२ वर्षांचं चक्र असंच आयुष्याच्या मापाचं होतं. खारवणात ज्याने आपल्या जन्माचं आकाश पुन्हा पाहिलं त्याला गलबतावर तांडेलकी करायची नसते. तो काठावर बसतो आणि सल्ला देतो.

१७ सप्टेंबर २०२३

डोंगरावरच्यांची गणना वेगळी. त्यांना चंद्राशी काय करायचंय? त्यांना पेरणी हवी. वर्षाचे सतरा-सतरा दिवसांचे वीस ‘नखत’ केले. ३४० झाले, आणि उरलेल्या ०.३ साठी दहा वर्षांत तीन दिवस वाढवायचे.

हे थेट आपल्या पावसाच्या नक्षत्रांवरून घेतलं आहे. चांद्र महिने काही सांगोत, शेतकरी मृगाकडे बघतो. सूर्य एका नक्षत्रात साडेतेरा दिवसांच्या आसपास असतो आणि प्रत्येक नक्षत्राला दरवर्षी पंचांगात वाहन दिलेलं, आणि म्हणी ठरलेल्या. पडतील मघा नाहीतर ढगाकडे बघा. पडतील स्वाती तर पिकतील माणिकमोती. जुन्या मराठी कागदांतला शुहूर सनही मृगालाच बदलायचा. महिने हिजरी, आकडे अरबी शब्दांत, आणि वर्षाची सुरुवात मात्र सूर्य मृगात शिरल्यावर. शेतसारा पिकावर असल्याने हे ओघानेच आलं. अशी जोड कुणी कल्पनेतून रचली असती तर अतिशयोक्ती वाटली असती. मोडी कागदांत ती शेकडो वर्षं रोज वापरात होती.

म्हणून खारवणच्या कोठीतल्या कागदावर दोन तारखा पडतील, खालच्यांची तिथी आणि वरच्यांचं नखत. नखतांच्या म्हणी लिहायला घेतल्या आहेत. हे काम सावकाश करणार.

१ ऑक्टोबर २०२३

महिना कोण बुडवतं, याचं उत्तर मिळालं.

कैरोजवळ रोडा बेटावर नाईलचं पाणी मोजायचा खांब आहे, नवव्या शतकातला. पाणी किती चढलं त्यावर त्या वर्षीचा सारा ठरायचा. खारवणला खाडीच्या तोंडावर घाट आहे. पायऱ्यांवर पाण्याच्या खुणा कोरलेल्या. त्या राखणाऱ्या बायका म्हणजे पायरकरी. प्रत्येक महाउधाणाला पाणी कुठल्या पायरीला लागलं ते त्या कोरतात. नऊ वर्षांचा हिशोब त्यांच्याकडेच, महिना बुडाला असं जाहीर करायचा हक्कही त्यांचाच. त्यांना जमीन नाही, सारा नाही, कुणाचं देणंघेणं नाही. म्हणूनच त्यांच्या शब्दाला किंमत.

वर्षांची नावंही घाटावरूनच: ‘अठराव्या पायरीचं साल’, ‘कोरड्या सातवीचं साल’. आपणही प्लेगच्या साली, बहात्तरच्या दुष्काळात, पानशेत फुटलं त्याच्या आदल्या वर्षी, असंच सांगतो. कोठीच्या कागदावर मात्र सलग आकडा लागतो. तो घाट बांधल्यापासून मोजायचा. छत्रपतींनी १६७४ मध्ये राजशक सुरू केला तेव्हा कागदावरच्या सालातूनही राज्य कुणाचं ते दिसू लागलं. खारवणच्या कागदावर राजाचं नाव नसतं, घाटाचं असतं, आणि हे कोठीतल्या प्रत्येक कारभाऱ्याला खुपतं.

२८ ऑक्टोबर २०२३ (कोजागिरी)

आज रात्री खंडग्रास चंद्रग्रहण, म्हणून ग्रहणांचा भाग उरकून घेतला. आपल्या चंद्राची कक्षा सुमारे पाच अंशांनी कललेली आहे, म्हणून दर पुनवेला ग्रहण होत नाही. थोरल्याची कक्षाही तशीच कलती ठेवली. धाकला जवळ असल्याने त्याच्या वाटेवरची सावली जास्त रुंद, म्हणून त्याला ग्रहण वारंवार लागतं आणि लोक मानही वर करत नाहीत. फक्त तसा बाजार अंधारात मोडतो, तेव्हा व्यापारी तेलाचे दिवे जास्त आणतात. थोरल्याचं ग्रहण दुर्मीळ आणि भयंकर.

१९ नोव्हेंबर २०२३

नऊ वर्षांच्या चक्रात ०.३ दिवस राहिला होता, त्याकडे आज वळलो.

प्रत्येक चक्रात नववर्ष तेवढंच अलीकडे येतं. कुणाला जाणवत नाही. ४४ चक्रांत, म्हणजे ३९६ वर्षांत, ते १३.२ दिवस होतात, बरोबर अर्धा महिना. मग नववर्षाचा नारळ फुटतो आणि आभाळ कोरडं. डोंगरावरचे आपल्या नखतांप्रमाणे वेळेवर पेरतात, खालचे तेरा दिवस आधी बी टाकून बसतात.

यावर उपाय एकच: त्या वेळी महिना बुडवायचा नाही. एक बुडीत साल सोडून दिलं की १३ दिवस अलीकडचं नववर्ष १३ दिवस पलीकडे जातं आणि पुढची आठशे वर्षं निभावतात. युरोपातल्या काही कॅथलिक देशांत १५८२ साली ४ ऑक्टोबरनंतर थेट १५ ऑक्टोबर आला. इंग्लंडने तोच बदल १७५२ पर्यंत लांबवला आणि तेव्हा २ सप्टेंबरनंतर १४ उजाडला. गणित तेव्हाही बरोबर होतं. भाडं, मजुरी, मुदती यांचं काय, हा प्रश्न गणिताबाहेरचा.

गोष्ट घाटाच्या ३९६व्या साली घडणार. थोरली पायरकरीण हिशोब पुन्हा पुन्हा तपासते. आकाश सांगतं, या खेपेला महिना बुडवू नका. ती खरं बोलली की मिठागरवाले आणि सावकार तिच्या पायऱ्यांवर फुलं वाहणार, आणि नऊ वर्षं या एका सालाची वाट पाहिलेले सालगडी भर उन्हात आणखी सव्वीस दिवस राबणार. ती गप्प राहिली तर खालच्यांची पेरणी पुन्हा वाळणार. तिचा स्वतःचा मुलगा मिठागरावर आहे. तिने काय करावं हे मला अजून ठरवता आलेलं नाही, आणि ते आकड्यांवरून ठरणारही नाही.

२६ नोव्हेंबर २०२३

३९६व्या सालचा पूर्ण तक्ता तयार झाला: दोन्ही चंद्रांच्या पुनवा, बाजार, जोडदिवस, नखतं, महाउधाणं. महाउधाण तिसऱ्या महिन्याच्या अमावास्येला, भर पावसात पडतं आहे. कर्जाची मुदत त्याच्या आदल्या बाजारी ठेवली आणि गलबत दोन दिवस आधी सुटतं.

राहिलेलं काम: बारा महिन्यांची नावं, नखतांच्या म्हणी पूर्ण करणं, जुन्या गोष्टींतले वार काढणं. तेराव्या महिन्याला नाव द्यायचं नाही. जो महिना येईल की नाही याची खात्री नसते त्याला खारवणचे लोक नुसतं ‘तेरावा’ म्हणतात.